टायटनचा धूर पुसू नका

माझा दिवस लग्नाच्या अल्बमचे धुरकट फोटो स्वच्छ करण्यात जातो. टायटनचे फोटो जोडताना मात्र हीच सवय आवरावी लागते, कारण तिथे धूर हाच माल आहे.

शनीच्या या चंद्राचे कॅसिनी यानाने काढलेले फोटो नासाच्या ‘ओपस’ संकेतस्थळावर फुकट मिळतात. फ्रेम कृष्णधवल असतात. काही मिनिटांच्या अंतराने घेतलेल्या लाल, हिरव्या आणि निळ्या फिल्टरच्या तीन फ्रेम निवडा. सरावाला पूर्ण आकाराची प्रीव्ह्यू पुरते. गिंप या फोटो-संपादनाच्या प्रोग्राममध्ये चकतीच्या कडा जुळवा (यान पळत होतं, त्या आपोआप जुळणार नाहीत) आणि ‘कम्पोज’ करा, म्हणजे तिन्हींचा एक रंगीत फोटो होतो.

प्रीव्ह्यूत प्रत्येक फ्रेमचा उजेड वेगळा ताणलेला असतो. म्हणून चकती राखाडी आली तर बिनधास्त निळा खाली ओढा. तिथल्या हवेत बहुतांश नायट्रोजन आणि थोडा मिथेन. सूर्याचे अतिनील किरण हजारेक किलोमीटर उंचीवर हे रेणू फोडतात. तुकडे पुन्हा जुळून अ‍ॅसिटिलीन, हायड्रोजन सायनाइड, बेंझिन होतात, आणि जुळत जुळत इतके जड, की त्यांचे कण बनून सावकाश खाली येतात. हे कण निळा प्रकाश गिळतात. कार्ल सेगन आणि बिशुन खरे या शास्त्रज्ञांनी कॉर्नेल विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत वायूंच्या मिश्रणाला ऊर्जा देऊन असाच तपकिरी चिकटा बनवला होता.

आता ‘यूव्ही३’ या अतिनील फिल्टरची, म्हणजे ३३८ नॅनोमीटरची फ्रेम उघडा. माझी सगळ्यात आवडती. कडेच्या बाहेर, मुख्य धुरापासून सुटलेला एक बारीक थर दिसेल. ‘कर्व्हज’मध्ये फक्त अंधारा भाग हळूच उचला, जास्त ताणलंत की थर आणि ग्रेन (फोटोतले खरखरीत ठिपके) एकच. उंची मोजायची तर जवळजवळ पूर्ण उजळलेली चकती घ्या. चकतीच्या एका बाजूच्या थरापासून समोरच्या बाजूच्या थरापर्यंतचे पिक्सेल मोजा, फ्रेमच्या माहितीत दिलेल्या प्रति पिक्सेल किलोमीटरने गुणा, निम्मे करा, टायटनची त्रिज्या २,५७५ किलोमीटर वजा करा. २००५ च्या फ्रेममध्ये ५०० किलोमीटरच्या आसपास उत्तर यावं, २०१० अखेरच्या फ्रेममध्ये ३८० च्या. मधे शनीवरचा विषुवदिन आला, वाऱ्यांची दिशा बदलली आणि थर खाली उतरला.

शार्पन करायची खाज सुटलीच तर ‘सीबी३’ फिल्टरची फ्रेम घ्या. ९३८ नॅनोमीटरला मिथेन प्रकाश अडवत नाही, धूरही विरळ होतो आणि टायटनच्या जमिनीवरच्या शांग्रिला या भागाचे काळे पट्टे वर येतात. तिथे स्लायडर हवा तेवढा ओढा.