चीज भरलेल्या भावनगरी मिरच्या: पार्टीआधीची तयारी

पंधरा माणसं येणार आहेत, जेवणाला अजून तासभर अवकाश आहे आणि तोवर हातात द्यायला काहीतरी गरम, शाकाहारी आणि दोन घासांत संपणारं हवंय, असं धरून ही यादी केली आहे. पदार्थ सोपा आहे. भावनगरी मिरची उभी चिरायची, तिच्यात पनीर-चीजचं सारण भरायचं आणि तव्यावर किंवा ओव्हनमध्ये भाजायची. तो बिघडतो मुख्यतः पाण्यामुळे. मिरचीत पाणी, पनीरमध्ये पाणी, हौसेने घातलेल्या कांद्यात पाणी. मग सारण ओघळतं, मिरची लिबलिबीत होते आणि ताटलीत पांढरट पाणी साचतं. त्यामुळे यादीतली निम्मी कामं वस्तू कोरड्या करण्याची आहेत. बरं म्हणजे ती सगळी आदल्या दिवशी उरकतात.

आमंत्रणाचा फोन कराल तेव्हाच कोण काय खात नाही ते विचारून घ्या. जैन मंडळी असतील किंवा चातुर्मास चालू असेल, तर सारणात लसूण घालायचाच नाही. वेगळं सारण करून वेगळ्या ताटात ठेवण्याचा घोळ ऐन गर्दीत निस्तरत नाही. कुणाला गहू चालत नसेल, तर रव्याऐवजी तांदळाचं पीठ काढून ठेवा. आणि चीजच्या पाकिटावरचा हिरवा ठिपका बघा. आपल्याकडच्या रोजच्या चीजबाबत प्रश्न येत नाही, पण इटलीचं अस्सल पार्मेझान करताना दूध गोठवायला वासराच्या जठरातलं रेनेट वापरतात. कुणी परदेशातून भेट आणलेला तुकडा कौतुकाने सारणात किसला जायचा आणि कट्टर शाकाहारी पाहुण्याच्या पोटात जायचा.

आता बाजार. जेवण होणार असेल तर माणशी तीन होड्या पुरतात, म्हणजे अर्ध्या मिरच्या. पंधरा जणांना पंचेचाळीस, म्हणून चोवीस मिरच्या धरा. नुसतंच खाणं-पिणं आणि गप्पा असतील तर माणशी पाच धरा आणि सगळं त्या मानाने वाढवा. मिरच्या सरळ, जाडसर सालीच्या आणि वीतभरापेक्षा थोड्या आखूड हव्यात. वाकड्या मिरच्या भजीला चांगल्या, इथे त्या तव्यावर लवंडतात. वजनावर टोपलीतून ओतून घेऊ नका, एकेक निवडून घ्या. देठ हिरवा आणि ताजा असलाच पाहिजे, कारण पाहुणा मिरची त्या देठाला धरूनच खाणार आहे. ही मिरची एरवी सौम्य, पण एखादी लॉट भलतीच तिखट निघते. ‘मावशी, तिखट नाहीत ना?’ असं विचारलं तर भाजीवाल्या मावशींचं उत्तर ठरलेलं, ‘मोडून चाटून बघ की!’ सल्ला उत्तम आहे, खरंच एक मोडून बघा. चार-पाच मिरच्या जास्तीच्या घ्या, चिरताना एखाददुसरी फाटतेच.

सारणासाठी 300 ग्रॅम पनीर आणि 200 ग्रॅम प्रोसेस्ड चीज. अमूलच्या क्यूबचा 200 ग्रॅमचा डबा आणलात तर त्यात आठ क्यूब येतात, हिशोब सोपा होतो. इथे बरेच जण मोझरेला आणतात. तार सुटते, फोटो छान येतो हे खरं, पण नुसत्या मोझरेलाचं सारण गरम असताना वाहतं आणि पाच मिनिटांत गार होऊन रबरासारखं होतं. प्रोसेस्ड चीज मऊ होतं, पण जागा सोडत नाही. पनीर तर वितळतच नाही, त्यामुळे सारणाला अंग तेच देतं. तारेची फारच हौस असेल तर मोझरेला वरून चिमूटभर भुरभुरा आणि तोही घरी किसून. तयार किसलेल्या पाकिटात कीस एकमेकांना चिकटू नये म्हणून स्टार्च वगैरे लावलेला असतो, तो नीट एकजीव होत नाही. बाकी सामान घरातलंच असतं: तीन मोठे चमचे बेसन, जिरं, मिरी, आमचूर, कोथिंबीर, सहा-सात लसूण पाकळ्या, वरून लावायला बारीक रवा, तेल. कांदा नको. मक्याचे दाणेही नकोत, कितीही निथळले तरी ते सारण सैल करतात.

आदल्या संध्याकाळी सगळ्यात आधी मिरच्या धुवा आणि सुती पंचावर पसरून पंख्याखाली ठेवा. त्या वाळेपर्यंत पनीर हाताळून घ्या. डेअरीतून सुटं आणलेलं पनीर ओलं असतं. ते मलमलच्या फडक्यात बांधून त्यावर अर्धा तास खलबत्ता ठेवा. पाकिटातलं घट्ट असलं तरी किसून मुठीत एकदा दाबून बघा, पाणी निघतंच. चीज किसण्याआधी वीस मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवलं आणि किसणीला तेलाचं बोट फिरवलं, तर निम्मं चीज किसणीलाच बसत नाही. बेसन कोरडंच मंद आचेवर खमंग वास येईपर्यंत भाजा. आपल्या नेहमीच्या भरल्या मिरचीत ते चवीसाठी घालतो, इथे ते राहिलेला ओलावा शोषून घेतं. गार झाल्यावरच मिसळा, नाहीतर चीज तिथेच वितळायला लागेल. लसूण किसून चमचाभर तेलात परता. कच्चा लसूण रात्रभरात सगळ्या चीजवर मात करतो.

मिरची चिरण्याचं काम मात्र सावकाश करायचं आहे. हाताला आधी तेल चोळा. मिरची पोळपाटावर आडवी ठेवून सुरीचं टोक देठाच्या मधोमध रोवा आणि खालपर्यंत सरळ ओढत आणा, म्हणजे दोन्ही अर्ध्यांना अर्धा-अर्धा देठ राहतो. आत देठाजवळ बियांचा गड्डा असतो आणि तिथून खाली पांढऱ्या शिरा जातात. तिखटपणा मुख्यतः त्या शिरांत असतो. बिया शिरांना चिकटलेल्या असतात म्हणून तिखट लागतात. तेव्हा नुसत्या बिया झटकून भागत नाही. चहाच्या चमच्याची कड देठापासून टोकाकडे एकदाच दाबून ओढा, शीर दोऱ्यासारखी अख्खी निघून येते. देठाजवळ जोर लावू नका, तिथेच मिरची तडकते. काम संपेपर्यंत डोळ्याला हात नाही आणि कॉन्टॅक्ट लेन्स लावत असाल तर त्या आधीच काढून ठेवा. होड्या डब्यात पालथ्या लावा, खाली आणि थरांच्या मध्ये टिश्यू पेपर, मग फ्रीजमध्ये.

पनीर, चीज, बेसन, लसूण, भरडलेलं जिरं, अर्धा चमचा मिरपूड आणि अर्धा चमचा आमचूर एकत्र मळून दुसऱ्या डब्यात ठेवा. लिंबू पिळायचं नाही, आंबटपणा आमचुराने येतो. मीठ आणि कोथिंबीर रात्री घालायची नाही, दोन्हींमुळे पाणी सुटतं. मीठ तर चवीपुरतंच, बहुतेक वेळा चिमूटभरही पुष्कळ होतं, कारण प्रोसेस्ड चीज मुळातच खारट असतं. चाखल्याशिवाय घालू नका.

पार्टीच्या दिवशी दुपारनंतर पाऊण तास काढा. कोथिंबीर कोरडी असेल तरच चिरून सारणात घाला, मीठ बघा, आणि प्रत्येक होडीत चहाचा एक शिगोशीग चमचा सारण दाबून बसवा. काठाच्या वर आलेलं बोटाने सपाट करा. भरलेली बाजू रव्यात हलकेच टेकवा आणि ताटं झाकून परत फ्रीजमध्ये ठेवा. पनीर-चीजचं सारण ओट्यावर तासन् तास राहू द्यायचं नाही, उन्हाळ्यात तर मुळीच नाही.

गॅसपाशी कोण उभं राहणार हे आधीच ठरवा. यजमानीणबाई दारात पाहुण्यांचं स्वागतही करणार आणि तवाही सांभाळणार, हे आपल्याकडे गृहीत धरलेलं असतं. तसं धरू नका. घरातल्या एखाद्या दादाच्या नाहीतर काकांच्या हातात चिमटा द्या, जमतं त्यांना. सिलिंडर हलवून बघा. ओव्हन असेल तर 200 अंशावर आधी तापवून बारा ते पंधरा मिनिटं, एअर फ्रायरला 180 वर आठ ते दहा. तव्यावर करायचं तर थोडं तेल सोडून मिरच्या सालीच्या बाजूने ठेवा, मध्यम आच, पहिली तीन मिनिटं झाकण, मग झाकण काढून सालीवर काळसर ठिपके येईपर्यंत भाजा आणि शेवटी मिनिटभर रव्याची बाजू खाली. झाकण शेवटपर्यंत ठेवलंत तर वाफेचं पाणी परत मिरचीवरच पडतं. साध्या मायक्रोवेव्हच्या नादाला लागू नका.

सगळ्या एकदम भाजायच्या नाहीत. मंडळी येऊन बसली, सरबत-पाणी झालं की पहिला घाणा पंधरा-सोळांचा, तो संपत आला की दुसरा. सोबत घट्ट चक्का किंवा चिंच-गुळाची चटणी, दोन्ही वाटीत आणि वेगळी. टेबलावर देठ टाकायला एक रिकामा वाडगा ठेवा, नाहीतर ते कुंड्यांत सापडतात. एखाद्याला तिखट लागलीच तर पाण्याने शमत नाही. दूध किंवा दही द्या. फ्रीजमध्ये गार दुधाचा एक पेला असू द्या.

लहान मुलं बरीच असतील तर आठ-दहा बटण मश्रूम आणून हेच सारण त्यांच्या टोप्यांत भरा. मात्र मश्रूम रिकाम्याच आधी तव्यावर पालथ्या घालून पाच मिनिटं भाजा, त्यांचं पाणी मिरचीपेक्षा जास्त असतं. जैन पाहुण्यांच्या ताटाजवळ ते ठेवू नका.

भाजून उरलेल्या होड्या त्याच रात्री फ्रीजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी बारीक चिरून पराठ्यात भरा. कच्चं सारण उरलं तर सकाळी ब्रेडच्या दोन स्लाइसमध्ये घालून टोस्ट करा. त्यात मीठ आधीच आहे, तेव्हा खारं लोणी लावू नका.