यूट्यूबची मेंबरशिप आहे, पण डिस्कॉर्डवर रोल मिळत नाही: काय आणि कसे तपासावे

यूट्यूबच्या निर्मात्याला दरमहा पैसे देऊन त्याची मेंबरशिप घेता येते. असे निर्माते डिस्कॉर्ड या गप्पांच्या अ‍ॅपवर स्वतःचा सर्व्हर, म्हणजे गट, चालवतात. तिथे मेंबरला रोल, म्हणजे खास ओळख, मिळते आणि तिच्यामुळे मेंबरांसाठीच्या गप्पांच्या खोल्या उघडतात. डिस्कॉर्डमध्ये या खोल्यांनाही चॅनेलच म्हणतात. पण कधी मेंबरशिपचे पैसे गेले, डिस्कॉर्डला यूट्यूब जोडले, तरी सर्व्हरवरची मेंबरांची ही खास चॅनेल दिसत नाहीत. अशा वेळी बहुतेक जण डिस्कॉर्ड काढून पुन्हा टाकतात. त्याचा उपयोग होत नाही, कारण ही जोडणी फोनमधल्या अ‍ॅपमध्ये नसते, तुमच्या डिस्कॉर्ड खात्यावर असते. बिघाड बहुतेकदा एकाच जागी सापडतो: मेंबरशिप एका यूट्यूब चॅनेलवर घेतलेली असते आणि डिस्कॉर्डला जोडलेले चॅनेल दुसरेच असते. म्हणून आधी ते पाहा.

एका जीमेलखाली अनेक यूट्यूब चॅनेल असू शकतात. एक तुमच्या नावाचे, बाकीची ब्रँड अकाउंटची, म्हणजे त्याच जीमेलवर वेगळ्या नावाने काढलेली. कधीकाळी गेमिंगसाठी वेगळे चॅनेल काढून विसरून गेलेली माणसे खूप आहेत. मेंबरशिप त्या क्षणी यूट्यूबवर जे चॅनेल चालू असेल, त्याच्याच नावावर जाते. जीमेल एकच असले तरी डिस्कॉर्ड दुसऱ्या चॅनेलची मेंबरशिप धरत नाही.

यूट्यूबवर प्रोफाइलच्या चित्रावर टिचकी मारून ‘स्विच अकाउंट’ उघडा. यादीतल्या एकेका चॅनेलवर जाऊन ‘पर्चेसेस अँड मेंबरशिप्स’ पाहा. ज्या चॅनेलवर मेंबरशिप दिसेल, तेच जोडायचे. दोन चॅनेलांची नावे सारखीच असली तर नावावर विसंबू नका. कॉम्प्युटरवर यूट्यूबच्या सेटिंग्जमध्ये ‘अ‍ॅडव्हान्स्ड सेटिंग्ज’खाली चॅनेल आयडी असतो, यू-सी या अक्षरांनी सुरू होणारा, एकूण 24 अक्षरांचा. तो प्रत्येक चॅनेलचा वेगळा असतो, त्यामुळे घोळ राहत नाही.

आता जोडणी नव्याने करू. हे काम कॉम्प्युटरवर, एकाच ब्राउझरमध्ये करावे. डिस्कॉर्डच्या वेगळ्या अ‍ॅपमधून सुरुवात केली की गूगलचे पान ब्राउझरात उघडते, आणि तिथे डिस्कॉर्डचे घरातल्या दुसऱ्या कुणाचे खाते चालू असेल तर गोंधळ वाढतो.

1. ब्राउझरची खासगी (इन्कॉग्निटो) विंडो उघडा आणि डिस्कॉर्ड डॉट कॉमवर तुमच्याच खात्याने लॉगिन करा. खासगी विंडोत जुनी गूगल लॉगिन नसतात आणि एक्स्टेन्शन्सही (ब्राउझरला जोडलेली छोटी साधने) सहसा बंद असतात, त्यामुळे अर्धे अडथळे तिथेच संपतात.
2. ‘युजर सेटिंग्ज’मधून ‘कनेक्शन्स’वर जा. यूट्यूब आधीच जोडलेले दिसत असेल तर त्यावरच्या फुलीने ते काढा.
3. गूगल खात्याच्या ‘सिक्युरिटी’ भागात बाहेरच्या अ‍ॅप्सना दिलेल्या परवानग्यांची यादी असते. तिथे डिस्कॉर्ड शोधा आणि परवानगी काढून टाका. ही पायरी बरेच जण गाळतात. जुनी परवानगी राहिली तर गूगल पुढची पाने झटपट ओलांडून जाऊ शकते आणि चॅनेल निवडायची संधी हातून निसटते.
4. पुन्हा ‘कनेक्शन्स’मध्ये यूट्यूबच्या चिन्हावर टिचकी मारा. काहीच उघडले नाही तर ब्राउझरने पॉपअप अडवला आहे. पत्त्याच्या पट्टीच्या उजव्या टोकाला त्याची खूण दिसते, तिथून परवानगी द्या.
5. गूगल आधी जीमेल विचारते आणि त्यानंतर, चॅनेल एकाहून जास्त असतील तर, कोणते चॅनेल ते विचारते. घाईत पहिल्याच नावावर बोट पडते. इथे थांबून बरोबर चॅनेल निवडा.
6. परवानगीच्या पानावर चौकटी असतील तर त्यावर खुणा करा. चौकट रिकामी सोडून पुढे गेलात तर जोडणी अर्धवट राहते.

परत ‘कनेक्शन्स’मध्ये आलात की यूट्यूबच्या नावाखाली, तुम्ही ज्या निर्मात्याचे मेंबर आहात त्याच्या सर्व्हरचे नाव आणि ‘जॉइन’ बटण दिसायला हवे. ते दिसले म्हणजे डिस्कॉर्डने मेंबरशिप ओळखली. फोनवर बटण सापडत नसेल तर कॉम्प्युटरवर पाहा. मेंबरशिपची माहिती ठरावीक वेळाने जुळवली जाते आणि त्याला तासभर लागू शकतो. तेवढा वेळ थांबा. दर 5 मिनिटांनी जोडणी तोडून पुन्हा जोडल्याने काम लवकर होत नाही.

बटण आहे पण सर्व्हरमध्ये शिरता येत नाही, याची दोन सरळ कारणे असतात. तुम्ही आधीच 100 सर्व्हरमध्ये आहात (डिस्कॉर्डची नायट्रो ही पैसे भरून मिळणारी योजना असेल तर मर्यादा 200 आहे), किंवा त्या सर्व्हरवरून तुम्हाला बॅन केलेले आहे. पहिल्यासाठी एखादा जुना सर्व्हर सोडा. दुसऱ्यासाठी तिथल्या मॉडरेटरशीच, म्हणजे सर्व्हर सांभाळणाऱ्याशीच, बोलावे लागेल, सेटिंग्जमध्ये त्यावर उपाय नाही.

‘कनेक्शन्स’मधले ‘डिस्प्ले ऑन प्रोफाइल’ हे बटण फक्त इतरांना तुमचे चॅनेल दिसावे की नाही, एवढेच ठरवते. आपले यूट्यूब चॅनेल कुणाला दाखवायचे नसेल तर ते खुशाल बंद ठेवा. रोल जात नाही.

गूगलकडून येणारे दोन एरर मात्र नीट वाचायला हवेत, कारण त्यांत उत्तरच लिहिलेले असते. 400 आकड्यासोबत ‘अ‍ॅडमिन पॉलिसी एन्फोर्स्ड’ आले तर तुम्ही कॉलेज, शाळा किंवा कंपनीने दिलेले गूगल खाते वापरत आहात आणि तिथल्या अ‍ॅडमिनने बाहेरची अ‍ॅप्स बंद ठेवली आहेत. तुमच्या हातात काहीच नाही. स्वतःच्या जीमेलवर चॅनेल काढा आणि मेंबरशिपही तिथूनच घ्या. 403 सोबत ‘डिसअलाउड युजरएजंट’ आले तर गूगलचे लॉगिन एखाद्या अ‍ॅपच्या पोटातल्या ब्राउझरमध्ये उघडले आहे. सुरक्षेसाठी गूगल अशा ठिकाणी लॉगिन होऊ देत नाही. तीच लिंक क्रोम किंवा सफारीत उघडा.

सगळे बरोबर चालले होते आणि महिन्याभराने रोल अचानक गेला, तर पैशाकडे पाहा. भारतात दरमहा आपोआप कापल्या जाणाऱ्या रकमेसाठी रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे आधी तुमची मंजुरी लागते आणि पैसे कापण्याच्या किमान 24 तास आधी सूचना येते. ही सूचना जाहिरात समजून पुसली जाते, किंवा यूपीआय अ‍ॅपमधला ऑटोपे कधीतरी थांबवलेला असतो, किंवा त्या दिवशी खात्यात पैसे नसतात. पैसे भरले गेले नाहीत की मेंबरशिप अडते आणि तिच्या मागोमाग रोलही जातो. यूपीआय अ‍ॅपमधल्या ऑटोपेच्या यादीत मंजुरी चालू आहे का ते बघा आणि यूट्यूबच्या ‘पर्चेसेस अँड मेंबरशिप्स’मध्ये पैसे भरायची पद्धत सुधारा. डिस्कॉर्डमध्ये काही करायची गरज नाही.

चॅनेल चालवणाऱ्यांसाठी

एकाच मेंबरची तक्रार असेल तर वरचे उपाय पुरतात. सगळेच मेंबर ओरडत असतील तर दोष तुमच्या बाजूला शोधा.

ही जोडणी सर्व्हरच्या मालकालाच करता येते, अ‍ॅडमिनचा रोल पुरत नाही. सर्व्हर एडिटरने किंवा मित्राने काढून दिलेला असेल तर आधी ‘मेंबर्स’ यादीतून मालकी चॅनेलच्या धन्याकडे द्यायला सांगा. मग ‘कनेक्शन्स’मध्ये मेंबरशिप सुरू असलेले चॅनेल जोडा आणि ‘सर्व्हर सेटिंग्ज’मधल्या ‘इंटिग्रेशन्स’मध्ये यूट्यूब सुरू करा. यूट्यूब स्टुडिओतून ‘मॅनेजर’ म्हणून मिळालेल्या अधिकारावर गूगलच्या निवडीत ते चॅनेल येत नाही, त्यामुळे हे काम मूळ खात्यानेच करायचे.

इंटिग्रेशन सुरू झाले की डिस्कॉर्ड स्वतः रोल तयार करते: एक सर्व मेंबरांचा आणि मेंबरशिपच्या प्रत्येक पातळीचा वेगळा. हे रोल हाताने कुणाला देता येत नाहीत, पण त्यांना डिस्कॉर्डवरचे कोणते चॅनेल दिसावे हे तुम्हीच ठरवायचे असते, आणि नेमके तेच राहून जाते. बंद चॅनेलच्या ‘परमिशन्स’मध्ये तो रोल घालून ‘व्ह्यू चॅनेल’ चालू केले नाही, तर मेंबरला रोल मिळूनही काहीच दिसणार नाही. मेंबर तुम्हाला ‘लिंक होत नाही’ असेच सांगेल, म्हणून आधी त्याच्या प्रोफाइलवर रोल आहे का ते पाहा.

मेंबरशिप संपल्यावर रोल काढायचा की माणसाला सर्व्हरबाहेर काढायचे, आणि किती दिवसांची सवलत द्यायची, तेही ‘इंटिग्रेशन्स’मध्येच ठरते. बाहेर काढण्याचा पर्याय निवडू नका. बँकेने एक हप्ता नाकारला म्हणून कुणाला दार दाखवणे बरे नाही. फक्त रोल काढा आणि 7 दिवसांची सवलत ठेवा, म्हणजे ऑटोपे दुरुस्त करायला माणसाला वेळ मिळतो.