फेडरल जज, म्हणजे अमेरिकेच्या केंद्रीय कोर्टाचे न्यायाधीश, व्हायला कुठली परीक्षा असते?

एलएलएम करायला अमेरिकेत आलेली मराठी मुलं हा प्रश्न हमखास विचारतात. आपल्याकडे एमपीएससीची जेएमएफसी, म्हणजे कनिष्ठ न्यायाधीशांची परीक्षा, डोळ्यांसमोर असते, त्यामुळे प्रश्न रास्तच आहे. उत्तर ऐकून मात्र चेहरे पडतात. परीक्षा नाही, वयाची अट नाही. राज्यघटनेने कायद्याची पदवीसुद्धा मागितलेली नाही. राष्ट्राध्यक्ष नाव सुचवतात, सिनेट मंजुरी देते. पण जिथं नेमणूक व्हायची त्या राज्याच्या दोन सिनेटरांपैकी एकाने जरी आपली ‘निळी चिठ्ठी’, म्हणजे संमतीचा कागद, अडवली, तरी नाव बहुधा तिथंच बारगळतं. थोडक्यात, जज व्हायचंच असं ठरवून इथं करिअर आखता येत नाही. कोर्टात उभं राहणारा चांगला वकील होणं तेवढं आपल्या हातात.

अमित मेहतांचंच बघा. जन्म गुजरातेत पाटणला, वर्षाचे असताना अमेरिकेत आले. 1997 मध्ये व्हर्जिनिया विद्यापीठातून कायद्याची पदवी, मग अपील कोर्टात लॉ क्लर्क (जजच्या हाताखाली वाचन-लेखनाचं काम करणारा तरुण वकील), खासगी वकिली आणि मध्ये काही वर्षं वॉशिंग्टनला पब्लिक डिफेंडर, म्हणजे गरीब आरोपींचे सरकारी खर्चाने वकील. 2014 मध्ये जज. गुगलच्या मक्तेदारीचा खटला त्यांच्यापुढे सप्टेंबर 2023 मध्ये उभा राहिला, तोही ज्युरीशिवाय. निकाल लिहून हातावेगळा व्हायला ऑगस्ट 2024 उजाडला.

मी शिक्षण संपल्यावर एका डिस्ट्रिक्ट जजकडे, म्हणजे खटले जिथं चालतात त्या पहिल्या पायरीच्या फेडरल कोर्टातल्या जजकडे, लॉ क्लर्क होते. कोर्टाचं नाव आणि प्रकरणं सांगणार नाही, ते बंधन नोकरी सुटल्यावरही सुटत नाही. पहिला धक्का हा की खटले फार कमी चालतात. फौजदारीत शंभरातले जेमतेम दोन-तीन आरोपी ज्युरीपर्यंत पोचतात; बाकी बहुतेक जण गुन्हा कबूल करतात. दिवाणी दावे तडजोडीत नाही तर मोशनवर, म्हणजे पक्षकारांनी कोर्टाकडे केलेल्या लेखी अर्जांवर, निघतात. म्हणजे दिवसभर वाचायचं आणि लिहायचं. 1990 च्या एका कायद्यामुळे सहा महिन्यांहून जास्त रखडलेल्या मोशन जजच्या नावानिशी जाहीर होतात, 31 मार्च आणि 30 सप्टेंबर या दोन तारखांना. त्याआधीचे पंधरा दिवस आमच्या चेंबर्समध्ये कुणी घरी वेळेवर जात नसे.

खरं ओझं शिक्षा सुनावण्याचं. गाइडलाइन्सचा एक तक्ता असतो: उभे 43 स्तर गुन्ह्याच्या गांभीर्याचे, आडव्या सहा श्रेणी पूर्वेतिहासाच्या. दोन्ही जिथं मिळतात तिथं महिन्यांचा आकडा. 2005 पासून, सुप्रीम कोर्टाच्या बुकर निकालानंतर, हा आकडा बंधनकारक राहिला नाही. म्हणजे तो का पाळला किंवा का मोडला, हे जजने स्वतः सांगायचं. प्रोबेशन अधिकाऱ्याच्या अहवालात आरोपीचं सगळं आयुष्य येतं: बालपण, शाळा, व्यसन, कर्ज. सोबत आईची पत्रं, कधी लहान मुलांची. आणि काही गुन्ह्यांत हे सगळं वाचूनही हात बांधलेले, कारण कायद्यानेच किमान शिक्षा ठरवलेली. पाच किलो कोकेन असेल, तर काही अपवाद सोडता दहा वर्षांच्या खाली येता येत नाही. माझे जज आदल्या दिवशी आमचं मत विचारायचे, वाद घालू द्यायचे, मग दार लावून घ्यायचे. ते काम कुणावर ढकलता येत नाही.

सगळ्यांना हसताना बघायचं तर नागरिकत्वाची शपथ. जज ती स्वतः देतात, आणि रांगेत हटकून एखादी नऊवारीतली आजी दिसते.

नेमणूक तहहयात, पगार कापता येत नाही, बदलीही नाही. 2025 मध्ये वर्षाला 2,47,400 डॉलर. ऐकायला भरपूर वाटतं, पण मोठ्या फर्ममधला नवखा वकील बोनस धरून त्याच्या आसपास जातो. शिवाय जुने वकील मित्र दुरावतात, कारण उद्या तेच समोर उभे राहणार. पक्षकार कंपनीचा एक शेअर जवळ असला तरी प्रकरण सोडावं लागतं. धोकाही खरा आहे: 2020 मध्ये न्यू जर्सीच्या जज एस्थर सलास यांच्या घरी आलेल्या बंदूकधाऱ्याने त्यांच्या मुलाचा जीव घेतला. त्यानंतर 2022 मध्ये जजांचे पत्ते गुप्त ठेवण्याचा कायदा झाला.

तर तुम्ही काय करायचं? जेडी, म्हणजे इथली तीन वर्षांची कायद्याची पदवी, करत असाल तर दुसरं वर्ष संपेपर्यंत ऑस्कर या सरकारी पोर्टलवर खातं उघडा, क्लर्कशिपचे बरेचसे अर्ज तिथूनच जातात. पगारी क्लर्कशिपला नागरिकत्वाची अट असते. ग्रीन कार्डवाल्यांनाही अटी लागू होतात. विनावेतन एक्सटर्नशिपला, म्हणजे शिकता शिकता कोर्टात केलेल्या उमेदवारीला, नागरिकत्वाची अट सहसा आड येत नाही, पण व्हिसावर असाल तर आधी विद्यापीठाच्या परदेशी विद्यार्थी कार्यालयात विचारा. डिस्ट्रिक्ट जजच्या नावामागे न लागता मॅजिस्ट्रेट जजकडेही, म्हणजे त्याच कोर्टातल्या दुय्यम जजकडेही, अर्ज करा. त्यांची नेमणूक आठ वर्षांची असते, आणि ती राष्ट्राध्यक्ष नव्हे, डिस्ट्रिक्ट जजच अर्ज मागवून करतात. राजकारणाशिवाय या खुर्चीच्या सर्वांत जवळ नेणारी वाट तीच. आणि लेखनाचा नमुना पाठवताना आटोपशीर पाठवा. लांबलचक नमुने आम्ही अर्ध्यावरच सोडायचो.