हप्ता परवडतो म्हणजे कर्ज परवडतं असं नाही

गृहकर्ज घेताना बहुतेकांची नजर महिन्याच्या हप्त्यावर असते. तो जरूर बघा, पण आधी हप्त्याला एकूण महिन्यांनी गुणा. १ लाखाचं कर्ज, ९ टक्के दर, मुदत २० वर्षं: हप्ता साधारण ९०० येतो आणि एकूण परतफेड होते जवळपास २ लाख १६ हजार. मुदत ३० वर्षं केली की हप्ता ८०५ वर उतरतो. बरं वाटतं! पण परतफेड २ लाख ९० हजारांच्या घरात जाते.

दुसरी गोष्ट, बँकेकडून परतफेडीचा पूर्ण तक्ता मागून घ्या आणि निवांत वाचा. वरच्या २० वर्षांच्या उदाहरणात पहिल्या हप्त्यातले ७५० व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम १५०. पाच वर्षं इमानेइतबारे हप्ते भरूनही सुमारे ८९ हजार बाकी असतात. मुद्दल निम्म्यावर यायला १४ वर्षं लागतात. म्हणून जादा पैसे भरायचे तर सुरुवातीच्या वर्षांत भरा, आणि हप्ता कमी करण्याऐवजी मुदत कमी करायला सांगा. मुदतपूर्व परतफेडीवर दंड आहे का, तेवढं आधी विचारा.

दर बदलता असेल तर जास्त जपा. सुरुवातीलाच ९ चे १० टक्के झाले आणि हप्ता तोच राहिला, तर २० वर्षांची मुदत गुपचूप २६ वर्षांवर जाते. खात्यातून तेवढीच रक्कम कापली जात असल्याने पत्ताही लागत नाही. दर बदलल्याचं कळलं की उरलेले हप्ते किती, हे लेखी मागा.

प्रक्रिया शुल्क, विमा, मालमत्ता कर, देखभाल हे वेगळंच.