मराठी-कन्नड कानांनी फिनिश उच्चार कसे शिकावेत

फिनिश शिकू लागलेला आपल्याकडचा विद्यार्थी बहुधा इंग्रजीतून लिहिलेले पुस्तक हाती घेतो आणि पहिली गफलत तिथेच होते. त्या पुस्तकातील सूचना इंग्रजी भाषकांच्या अडचणी सोडवण्यासाठी असतात. बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यात घरी मराठी आणि बाजारात कन्नड बोलत वाढलेल्या माणसाच्या अडचणी निराळ्या असतात आणि त्याच्याजवळची शिदोरीही निराळी असते. म्हणून फिनिश शब्द सुरुवातीला देवनागरीत लिहून घ्यावेत, असा माझा आग्रह आहे. फिनिशमध्ये जवळपास प्रत्येक वर्णाला एकच ध्वनी असल्यामुळे हे काम अवघड जात नाही.

व्यंजनांना फार वेळ लागत नाही. रोमन 'टी' दिसला की शाळेतील सवयीने आपण ट म्हणतो. फिनिशमध्ये तो त म्हणावा. क, त, प यांत हकार मिसळू नये. इंग्रजी भाषकाला त्यासाठी खास सराव करावा लागतो, आपल्याला मात्र क आणि ख यांतला फरक बाराखडीपासूनच ठाऊक असतो. 'जे' हा वर्ण य असा वाचावा, र स्पष्ट थरथरवावा, आणि 'लेह्ति' (पान) यासारख्या शब्दात मध्ये आलेला ह गिळू नये. 'हेल्सिङ्कि' यातला अनुनासिक 'अंक' या शब्दातल्यासारखा आहे. पण 'हेल्सिंकीचा' या अर्थाचे रूप 'हेल्सिङ्ङिन' असे होते, आणि तिथे लिहिताना 'जी' असला तरी ग ऐकू येत नाही, 'वाङ्मय' मधला ङ दुप्पट लांब ऐकू येतो.

खरी मेहनत लांबीवर घ्यावी लागते. प्रत्येक स्वर आखूड किंवा लांब असू शकतो, बहुतेक व्यंजनेही एकेरी किंवा दुहेरी असू शकतात आणि त्यावर अर्थ ठरतो. लांब स्वरापुढे अवग्रह लिहिण्याची पद्धत ठेवली, तर 'तुलि' म्हणजे आग, 'तुऽलि' म्हणजे वारा आणि 'तुल्लि' म्हणजे जकात. वृत्ते शिकलेल्यांनी येथे मात्रा मोजाव्यात: पहिल्या शब्दात दोन मात्रा, पुढच्या दोहोंत तीन-तीन, फक्त तिसरी मात्रा एकदा स्वरात आणि एकदा व्यंजनात खर्च होते. दुहेरी व्यंजन आपल्याला 'पती' आणि 'पत्ती' यांतून आधीच येते. आखूड-लांब एकारासाठी मात्र कन्नडाकडे जावे. प्रमाण कन्नडात आखूड एकाराचे 'बॆळॆ' म्हणजे पीक आणि लांब एकाराचे 'बेळॆ' म्हणजे डाळ. रोजच्या मराठी लेखनात दोन्ही 'बेळे' असेच लिहिले जातात, पण कन्नड बोलणाऱ्याच्या कानाला त्यांत गोंधळ होत नाही. तोच कान फिनिश 'ए' आणि 'ओ' यांच्यासाठी वापरावा.

आखूड 'ए'पेक्षा आखूड 'आ' जास्त फसवतो. मराठी माणूस आखूड म्हटले की 'अ' उच्चारतो, फिनिशला मात्र 'आ'च हवा असतो, फक्त थोडक्यात आटोपलेला. 'तालो' (घर) याचे 'तलो' होऊ देऊ नये.

आघात नेहमी पहिल्या अक्षरावर येतो, परंतु आघातामुळे स्वर लांबत नाही. 'तापाऽन' (मी भेटतो) या शब्दात आघात 'ता'वर आणि लांबी 'पा'वर आहे. लांबी राखली नाही तर 'तापान' उरते आणि त्याचा अर्थ 'मी ठार मारतो' असा होतो. बोटाने टेबलावर मात्रा वाजवत हा शब्द रोज म्हणावा, कारण आघात आणि लांबी वेगळ्या जागी ठेवण्याची सवय दुसऱ्या कशाने लागत नाही.

आता नवे स्वर. दोन टिंबांचा रोमन 'ए' (ä) हा आपल्या 'बॅट' मधला ॲ आहे. आपल्या बाजारातील कन्नडात डाळीला 'ब्याळी' म्हणतात, त्यातला स्वरही पुष्कळदा तिकडेच झुकतो. 'वाऽरा' म्हणजे धोका आणि 'वॅऽरॅ' म्हणजे चुकीचे, हे जोडीने घोकावे. उरलेले दोन स्वर मराठीत नाहीत आणि कन्नडातही नाहीत. त्यांपैकी पहिला 'वाय' या वर्णाने लिहितात. आरशासमोर 'ई' म्हणत राहावे, आणि जीभ तसूभरही न हलवता ओठ 'ऊ'सारखे गोल करावेत. तसेच 'ए' म्हणताना ओठ गोल केले की दोन टिंबांचा 'ओ' मिळतो. देवनागरीत यांना चिन्ह नसल्याने वहीत 'इ' किंवा 'ए' यांच्या मात्रेभोवती लहान वर्तुळ काढावे, म्हणजे ओठांची आठवण राहते. 'यु' असे लिहू नये, कारण मग जीभ मागे सरकते आणि 'शैली' या अर्थाचा 'वाय'चा शब्द 'वारा' या अर्थाच्या 'तुऽलि'कडे ओढला जातो.

अस्सल फिनिश शब्दात आ, ओ, उ यांची ॲ आणि वर्तुळाच्या दोन स्वरांशी सरमिसळ होत नाही. 'इ' आणि साधा 'ए' दोन्हीकडे चालतात. त्यामुळे 'घरात' हे 'तालोस्सा' होते आणि 'जंगलात' हे 'मेत्सॅस्सॅ' होते. शब्दाचा पहिला भाग नीट म्हटला, तर प्रत्ययाचा स्वर कोणता येणार हे तोंडाला आधीच समजते. म्हणून नवा शब्द नेहमी प्रत्ययासह पाठ करावा.