बी.ए. पहिल्या वर्षाच्या समाजशास्त्राला पूरक वाचन कसं निवडावं

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी मी कॉलेजात समाजशास्त्र शिकवते. वर्गातली बहुतेक मुलं-मुली आसपासच्या खेड्यांतून एसटीने येतात. कित्येकींच्या घरातून कॉलेजपर्यंत पोचलेली ती पहिलीच. नेमलेलं पुस्तक परीक्षेपुरतं ठीक आहे, पण व्याख्या पाठ करून समाज समजत नाही, म्हणून सोबत आणखी काही वाचायला द्यावंच लागतं. नव्याने रुजू झालेले सहकारी माझ्याकडे यादी मागतात. मी आधी कसोटी सांगते, कारण यादी बदलत राहते. कसोटी अशी: हे वाचून विद्यार्थी संध्याकाळी घरी आईला, आजोबांना, शेजारच्या काकूला एखादा प्रश्न विचारेल का? विचारणार असेल तर उतारा ठेवायचा. नुसतंच "बरोबर आहे मॅडम" म्हणून वही मिटणार असेल, तर लेखक कितीही मोठा असो, तो उतारा पहिल्या वर्षासाठी नाही.

निवड घटकापासून सुरू करा. आपल्याला आवडलेलं पुस्तक कुठे बसवता येईल, असं पाहत बसू नका. प्रत्येक घटकासाठी साध्या बोलीत एक प्रश्न लिहून काढा. सामाजिक स्तरीकरण असेल तर 'आपल्या गावात कोण कोणाच्या ओट्यावर बसतं?' दर्जा आणि भूमिका असेल तर 'नव्या सुनेला पहिल्या वर्षी काय काय करता येत नाही?' प्रश्न सुचत नसेल तर तो घटक आपल्यालाच अजून नीट उमगलेला नाही, आणि तिथे उतारा शोधण्याआधी आपणच थोडं वाचायला हवं. अशा वेळी मराठी विश्वकोशातल्या नोंदी आणि बालभारतीची अकरावी-बारावीची समाजशास्त्राची पुस्तकं फार उपयोगी पडतात. दोन्ही मोबाइलवर फुकट मिळतात, आणि विद्यार्थ्यांनाही संकल्पनांसाठी तीच द्यावीत.

जातीच्या घटकाला मी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा 'कास्ट्स इन इंडिया' हा निबंध घेते. ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात त्यांनी तो वाचला, तेव्हा ते २५ वर्षांचे होते. माझ्या विद्यार्थ्यांपेक्षा थोडेच मोठे, हे सांगितलं की वर्गात माना वर होतात. जातीतच लग्न करण्याची सक्ती हा जातीचा गाभा आहे, आणि ती सक्ती टिकवण्यासाठी सती, लादलेलं वैधव्य आणि बालविवाह या प्रथा आल्या, असा त्यातला युक्तिवाद आहे. तो सगळा एका दमात झेपत नाही. मी गाभ्याची चार-पाच पानं मराठी अनुवादातून देते आणि घरातल्या जुन्या लग्नपत्रिका पाहायला सांगते. आजीचं माहेर किती कोसांवर, आईचं किती, मोठ्या बहिणीचं सासर कुठल्या जिल्ह्यात? सोयरिकीची अंतरं वाढली, पण जातीचं कुंपण ओलांडलं का? वहीत भरलेला तो तक्ता विद्यार्थ्याला युक्तिवादाच्या आत घेऊन जातो.

इथे एक पथ्य मी कटाक्षाने पाळते. हे तक्ते वर्गात मोठ्याने वाचायचे नाहीत, आणि कुणालाही "तुमच्या समाजात कसं असतं ते सांग" म्हणून उभं करायचं नाही. अठरा वर्षांच्या पोराने वर्गासमोर आपल्या अख्ख्या जातीच्या वतीने बोलावं, ही अपेक्षाच अन्यायाची आहे. पूरक वाचनाने कुणाची मान खाली जाता कामा नये.

एकाच व्यवस्थेवरचे दोन उतारे, दोन बाजूंनी लिहिलेले, जोडीने द्यावेत असं माझं ठाम मत आहे. त्र्यंबक नारायण आत्रे यांचा 'गावगाडा' १९१५ साली आला. बलुतेदारीची इतकी बारकाईची नोंद मराठीत दुसरीकडे शोधावी लागेल. पण ती नजर वरून गावाकडे पाहणाऱ्या शिकलेल्या माणसाची आहे, आणि भटक्यांबद्दल लिहिताना ती कठोर होते. म्हणून तिच्या शेजारी दया पवारांचं 'बलुतं' (१९७८) ठेवायचं. तीच व्यवस्था, पण तिच्यात खाली दाबला गेलेला माणूस बोलतोय. भटक्यांच्या भागासाठी लक्ष्मण माने यांचं 'उपरा' (१९८०) जोडता येतं. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने काही जमातींवर जन्मतःच शिक्का मारला होता आणि तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला, एवढी माहिती आधी दिली की पुरे.

ही पुस्तकं आपल्या वऱ्हाडातली नाहीत, हेही वर्गात स्पष्ट सांगा. वऱ्हाड १८५३ मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आलं, इथल्या जमीनमहसुलाची घडी वेगळी बसली. त्यामुळे 'गावगाडा' वाचून 'आपल्या गावातही असंच होतं' असं मुलांनी गृहीत धरू नये, विचारून यावं. सुताराला वखर-तिफणीच्या कामाचं काय मिळायचं? खळ्यावरून ज्वारी कोण कोण न्यायचं? एका विद्यार्थ्याने आजोबांशी बोलून आल्यावर सांगितलं, "मॅडम, बलुतं गेलं, पण सालगडी अजूनबी पाडव्यालेच ठरते." पिढीजात बांधिलकी आणि वर्षाचा करार यांतला फरक त्या दिवशी फळ्यावर लिहायची गरज पडली नाही.

साहित्यातून निवडताना सावध राहावं. उद्धव शेळके यांची 'धग' (१९६०) मी कुटुंबाच्या घटकाला घेते. नायिका कौतिकचे कष्ट आणि तिचं वऱ्हाडी बोलणं वाचताना मुली अगदी जवळ येऊन बसतात. पण कादंबरी हा पुरावा नव्हे. लेखकाने काय रचलं आणि त्या काळाबद्दल काय कळतं, हे वेगळं लिहायला लावा. नाहीतर वाचन हळहळीवर संपतं. बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचं 'स्त्री-पुरुष तुलना' (१८८२) याच घटकात बसतं. भाषा जुनी आहे, म्हणून दोनच पानं द्यावीत, पण त्यातला सवालांचा मारा मुलींच्या तोंडात लगेच बसतो. ही बाई आपल्या विदर्भातली, हे ऐकून त्या पान पुन्हा वाचायला घेतात.

आकड्यांचा एक तक्ता वर्षातून एकदा तरी द्याच. २०११ च्या जनगणनेचं जिल्हावार पुस्तक जनगणना विभागाच्या संकेतस्थळावर आहे. त्यात गावागावाचे तक्ते मिळतात: घरं, साक्षर, अनुसूचित जाती-जमाती, शेतकरी, शेतमजूर. इंग्रजीत आहे, पण आकडेच वाचायचे असल्याने अडत नाही. प्रत्येकाने आपलं गाव शोधायचं. मग सांगायचं की वर्षात सहा महिने किंवा जास्त काम करणारा 'मुख्य' कामगार आणि त्याहून कमी करणारा 'सीमांतिक'. आता घरी जाऊन आईची कामं महिन्यावार लिहून आणा: निंदण, वेचणी, गुरांचं, घरचं. ती कुठल्या रकान्यात बसते? बसते तरी का? आकडा माणूस मोजतो तेव्हा आधी काय ठरवून घेतो, हे या एका तक्त्यातून जितकं कळतं तितकं संशोधन पद्धतीच्या प्रकरणातून कळत नाही. आकडे जुने आहेत, आणि गावात काय बदललं ते मुलं स्वतःच दाखवतात.

आता सगळ्यात जड भाग. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ दुर्खीम यांचा आत्महत्येवरचा १८९७ चा ग्रंथ पहिल्या वर्षाला टाळता येत नाही. आत्महत्येचं प्रमाण हा समाजाचा गुणधर्म म्हणून अभ्यासता येतो, ही त्यांची मांडणी या शास्त्राच्या पायाशी आहे. पण आपल्या वर्गात ज्यांच्या घरात हे घडलंय अशी मुलं बसलेली असतात. म्हणून मी हा उतारा घरी वाचायला देत नाही. आदल्या तासाला विषय सांगते, ज्याला यायचं नसेल त्याची हजेरी लावते, कारण विचारत नाही. कुणा एका कुटुंबाची बातमी, फोटो, चिठ्ठी हे कधीच वाचन म्हणून देऊ नये. टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा १४४१६ हा नंबर फळ्यावर लिहून तासभर तसाच ठेवावा.

त्याऐवजी सरकारी चौकटीचं वाचन द्यावं. २००६ मध्ये पंतप्रधानांनी विदर्भातल्या ६ जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर केलं. राज्यात मदतीसाठी शेतकरी आत्महत्यांची प्रकरणं 'पात्र' आणि 'अपात्र' ठरतात, त्यात जमीन, नापिकी, कर्ज आणि वसुलीचा तगादा पाहिला जातो. मग शेतात राबणारी बाई, जिच्या नावाने जमीनच नाही, ती शेतकरी म्हणून कागदावर येते कशी? इथे घरी नेण्याचा प्रश्न कुणालाही न दुखावणारा आहे: आपल्या सातबाऱ्यावर कोणाकोणाचं नाव आहे? दुर्खीम यांच्यापासून सातबाऱ्यापर्यंतची ही वाट मला या अभ्यासक्रमातली सर्वांत मोलाची वाटते.

छापील नसलेलंही वाचनच. पोळ्याला बैलांसमोर म्हणतात त्या झडत्या, 'एक नमन गौरा पार्वती, हर बोला हर हर महादेव'ने संपणाऱ्या, म्हाताऱ्यांकडून लिहून आणायला सांगा. सावकार, पाऊस, सरकार, सगळ्यांची खबर त्यात घेतलेली असते. ग्रामीण भारतावरच्या 'पारी' या संकेतस्थळावर जात्यावरच्या ओव्या आणि शेतीवरचे लेख मराठीत आहेत. ग्रामसभेच्या घटकाला गडचिरोलीतलं मेंढा-लेखा हे गाव घ्या. 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही घोषणा आणि २००९ मध्ये मिळालेला सामूहिक वनहक्क, एवढ्यावर दोन तास भरगच्च चालतात.

सगळंच जवळचं मात्र नको. समाजशास्त्रज्ञ एम. एन. श्रीनिवास यांचं म्हैसूरकडच्या रामपुरा या गावावरचं पुस्तक मी मुद्दाम घेते. १९७० च्या आगीत त्यांची टिपणं जळाली आणि पुस्तक त्यांनी मुख्यतः आठवणीवर लिहिलं, ते १९७६ मध्ये आलं. दूरचं गाव वाचलं की आपल्या गावातलं 'असंच असते' म्हणून सोडून दिलेलं डोळ्यात भरतं.

उतारा सहा पानांच्या पुढे नेऊ नका. दिवाळीनंतर वेचणी सुरू झाली की वर्ग अर्धा होतो, तेव्हा घरी वाचायला न देता वर्गातच मोठ्याने वाचा. मोठे उतारे त्याआधी संपवा. ग्रंथालयात निदान दोन प्रती मागवा, सगळं झेरॉक्सवर भागवू नका. उताऱ्याच्या वर लेखक, साल आणि तो कुठल्या मुलखाबद्दल आहे ते लिहा, खाली एकच प्रश्न आणि उत्तरासाठी रिकाम्या ओळी. घरून विचारून आणलेलं तिथेच लिहायला लावा आणि ते कागद वर्षाअखेरपर्यंत जपून ठेवा. ज्या उताऱ्याखालच्या ओळी बहुतेकांनी कोऱ्याच परत केल्या, तो पुढच्या जूनमध्ये बदलून टाका.