कामकाजाचे दिवस मोजायला बसण्यापूर्वी

सुरुवातीची आणि शेवटची तारीख ठरलेली आहे असे आधी गृहीत धरू, आणि शनिवार-रविवार वगळायचे असतात हे कोणाला सांगावे लागत नाही. एक्सेलच्या सूत्राला हात लावण्यापूर्वी समोर हवी ती सुट्ट्यांची यादी. आणि ती उघडल्यावर तिच्यात कोणकोणत्या सुट्ट्या आहेत हे पाहण्याआधी ती कोणत्या तारखेपर्यंत भरलेली आहे हे पाहावे. यादी ३१ डिसेंबरला संपत असेल आणि मोजणी जानेवारीत शिरत असेल, तर एक्सेल कसलीही तक्रार करत नाही. यादीत नसलेला प्रत्येक सोमवार ते शुक्रवार त्याच्या लेखी कामाचाच असतो, आणि चुकीचे उत्तरही बरोबर उत्तराइतकेच नीटनेटके दिसते. मागच्या खेपेला माझ्याकडून नेमके हेच राहून गेले, म्हणून हा मुद्दा पुढे पुन्हा येईल आणि त्याबद्दल दिलगिरी नाही.

दोन तारखा ठाऊक असतील तर यादीची हद्द तपासणे सोपे असते. खरी अडचण उलट्या मोजणीत येते, म्हणजे एका तारखेपासून अमुक इतके कामकाजाचे दिवस पुढे जाऊन मुदत काढायची असते तेव्हा, कारण त्या वेळी शेवटची तारीख हेच उत्तर असते आणि यादी कोठवर लागेल हे आधी कळत नाही. सोमवार ३ नोव्हेंबर २०२५ पासून ४५ कामकाजाचे दिवस पुढे जायचे आहे असे समजा. सुट्ट्या धरल्या नाहीत तर बरोबर नऊ आठवडे होतात आणि उत्तर ५ जानेवारी २०२६ येते. इंग्लंडच्या २०२५ च्या यादीतील २५ आणि २६ डिसेंबर वगळले तर ७ जानेवारी येते, आणि हे उत्तर पटण्यासारखेही वाटते, कारण सुट्ट्यांमुळे तारीख पुढे सरकलेली डोळ्यांना दिसते. पण १ जानेवारी २०२६ ही सुट्टी त्या यादीत नसते, ती पुढच्या वर्षाच्या यादीत असते. खरे उत्तर ८ जानेवारी आहे. म्हणून ढोबळ अंदाज आधी काढावा: कामकाजाच्या दिवसांना सातने गुणून पाचने भागावे, वर दोन-तीन आठवडे धरावेत, आणि यादी तिथपर्यंत पोहोचते का ते पाहावे. पोहोचत नसेल तर पुढच्या वर्षाची यादी मिळेपर्यंत उत्तर कोणालाही कळवू नये.

त्यानंतर यादी कोणाची हे ठरवावे. देशाची यादी असे काही सरसकट नसते. १ जानेवारी २०२२ हा शनिवार होता. अमेरिकेच्या केंद्रीय सरकारी कर्मचाऱ्यांना त्याची सुट्टी आदल्या शुक्रवारी, म्हणजे ३१ डिसेंबर २०२१ रोजी मिळाली, पण शनिवारी आलेल्या सुट्टीसाठी फेडरल रिझर्व्ह या मध्यवर्ती बँकेच्या बँका आदल्या शुक्रवारी बंद राहत नाहीत, त्यामुळे त्या त्या दिवशी चालू होत्या, आणि न्यू यॉर्क शेअर बाजारही चालू होता. म्हणजे एकाच देशात, एकाच तारखेला, सरकारी पत्राची मुदत आणि बँकेच्या व्यवहाराची मुदत वेगवेगळी मोजावी लागते. आणि येथेही तोच मुद्दा आहे: नववर्षाची ही सुट्टी २०२२ ची असूनही पडली २०२१ मध्ये, त्यामुळे २०२१ ची यादी केवळ त्या वर्षाच्या सणांवरून तयार केली असेल तर ती ३१ डिसेंबरपर्यंत भरलेली दिसूनही भरलेली नसते.

शनिवार-रविवारी आलेल्या सुट्टीचे काय करायचे, याला तीन वेगळी उत्तरे आहेत आणि ज्याची यादी त्याचाच नियम घ्यावा लागतो. काही ठिकाणी सुट्टी बुडते. युरोच्या मोठ्या व्यवहारांची टार्गेट ही प्रणाली वर्षातून सहा ठरावीक सुट्ट्या पाळते आणि त्यांतील एखादी शनिवारी आली तर तिची बदली सुट्टी देत नाही. काही ठिकाणी ती पुढच्या कामाच्या दिवशी मिळते, काही ठिकाणी शनिवारची सुट्टी मागे सरकते आणि रविवारची पुढे. सोमवार २० डिसेंबर २०२१ ते शुक्रवार ७ जानेवारी २०२२ हा पट्टा दोन्ही टोके धरून मोजून पाहावा. शनिवार-रविवार काढले की १५ दिवस उरतात. इंग्लंडमध्ये २७ व २८ डिसेंबर आणि ३ जानेवारी या बदली सुट्ट्या जाऊन १२ राहतात, स्कॉटलंडमध्ये ४ जानेवारीचीही सुट्टी असल्याने ११, तर अमेरिकेच्या केंद्रीय कार्यालयांसाठी २४ आणि ३१ डिसेंबर जाऊन १३. यादीत मूळ तारखा, म्हणजे २५ व २६ डिसेंबर आणि १ जानेवारी, एवढ्याच लिहिल्या असतील तर एक्सेलचे उत्तर तिन्हीकडे १५ येईल, कारण त्या तारखा आधीच शनिवार-रविवारमध्ये गेलेल्या आहेत. उलट हाताने मोजणारा माणूस १५ मधून सरळ तीन वजा करून इंग्लंडसाठी १२ सांगेल आणि तो योगायोगाने बरोबर ठरेल, यापेक्षा घातक सवय दुसरी नाही. आणि इंग्लंडची यादी २०२१ लाच संपत असेल तर १३ येतात. पुन्हा तेच.

यादी एकदा भरली की वर्षभर चालते, हा समजही सोडावा. गुलामगिरीच्या अंताची आठवण म्हणून पाळल्या जाणाऱ्या जूनटीन्थच्या सुट्टीचा अमेरिकी कायदा १७ जून २०२१ रोजी, गुरुवारी, सही होऊन अमलात आला आणि १९ जून शनिवारी येत असल्याने पहिली सुट्टी दुसऱ्याच दिवशी, शुक्रवारी मिळाली. ब्रिटनमध्ये १९ सप्टेंबर २०२२ चा सोमवार राणीच्या अंत्यसंस्कारासाठी त्याच महिन्यात सुट्टी म्हणून जाहीर झाला. तेथलीच मे २०२० मधील सुट्टी सोमवार ४ तारखेवरून शुक्रवार ८ तारखेला नेण्यात आली. ईदसारख्या चंद्रदर्शनावर अवलंबून असलेल्या सुट्ट्या तर ऐन वेळी एका दिवसाने हलू शकतात. गेल्या वर्षीची यादी घेऊन फक्त वर्षाचा आकडा बदलणे हा आळस येथे कधीच खपत नाही: गुड फ्रायडे २०२४ मध्ये २९ मार्चला होता आणि २०२५ मध्ये १८ एप्रिलला.

साप्ताहिक सुट्टीचे वारही तपासावेत, पण येथे फार वेळ घालवण्याचे कारण नाही. सौदी अरेबियाने जून २०१३ मध्ये गुरुवार-शुक्रवारऐवजी शुक्रवार-शनिवार सुट्टी सुरू केली आणि संयुक्त अरब अमिरातींचे केंद्र सरकार १ जानेवारी २०२२ पासून शनिवार-रविवारकडे वळले, तेथे शुक्रवारी अर्धा दिवस काम असते. त्यामुळे जुन्या तारखा मोजताना त्या काळचे वार घ्यावे लागतात. एक्सेलचे नेटवर्कडेज (NETWORKDAYS) हे सूत्र शनिवार-रविवारच धरते. दुसरे वार हवे असतील तर त्याचे इंटल (NETWORKDAYS.INTL) हे रूप वापरावे, ज्यात सोमवारपासून सुरू होणाऱ्या सात अंकांच्या ओळीत सुट्टीच्या वाराला एक आणि कामाच्या वाराला शून्य लिहितात. भारतीय बँका १ सप्टेंबर २०१५ पासून दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी बंद असतात आणि हे या सात अंकांत बसत नाही. तेव्हा फक्त रविवार वगळावा आणि ८ ते १४ व २२ ते २८ या तारखांमध्ये येणारे शनिवार सुट्ट्यांच्या यादीतच टाकावेत. ही शनिवारची यादीही शेवटच्या तारखेच्या पुढे गेलेली असली पाहिजे, हे वेगळे सांगायला नको होते, पण सांगितलेले बरे. चीनमध्ये मोठ्या सुट्टीच्या बदल्यात काही शनिवार-रविवार कामाचे ठरवले जातात. त्यांना सूत्रात जागाच नाही, ते वेगळे मोजून उत्तरात मिळवावेत.

आता टोके. पहिला दिवस धरायचा की नाही आणि शेवटचा धरायचा की नाही, हे आधी कागदावर लिहावे, कारण साधनांचे यावर एकमत नाही. सोमवार ते त्याच आठवड्याचा शुक्रवार यासाठी नेटवर्कडेज पाच सांगते, पायथन या संगणकीय भाषेतील नमपायचे बसडे-काउंट (busday_count) शेवटचा दिवस सोडून चार सांगते, आणि एक्सेलचेच वर्कडे (WORKDAY) हे सूत्र पहिला दिवस सोडून मोजत असल्याने सोमवारपासून पाच दिवस पुढे जाऊन थेट पुढच्या सोमवारी पोहोचते. यांतील कोणतेही साधन चुकीचे नाही, मात्र त्यांची उत्तरे एकमेकांत मिसळली की एका दिवसाची जी चूक होते ती शोधताना जीव मेटाकुटीला येतो. मुदत कायद्याची असेल तर साधनाला विचारूच नये. भारताच्या १८९७ च्या सर्वसाधारण वाक्खंड अधिनियमाच्या चौकटीत "पासून" म्हटले की पहिला दिवस वगळला जातो, आणि मुदतीच्या शेवटच्या दिवशी कार्यालय बंद असेल तर ते उघडेल त्या दिवशी केलेले काम मुदतीत धरले जाते. युरोपीय संघाचा १९७१ चा नियम मुदतीत सुट्ट्याही मोजतो, अन्यथा स्पष्ट लिहिले नसेल तर. म्हणजे तेथे "दिवस" असे लिहिले असताना आपण कामकाजाचे दिवस मोजत बसलो तर सगळीच मेहनत वाया.

शीट भरताना यादीचा पट्टा, म्हणजे ती ज्या घरांत लिहिली आहे त्यांचा सूत्रातील पत्ता, डॉलरचे चिन्ह लावून पक्का करावा. चिन्ह नसेल तर सूत्र खाली ओढताना पट्टाही एकेक ओळ खाली घसरतो: पहिल्या ओळीला पूर्ण यादी मिळते, दुसऱ्या ओळीला पहिली सुट्टी दिसत नाही, दहाव्या ओळीपर्यंत अर्धी यादी गायब झालेली असते, आणि तपासणारा मात्र नेहमी पहिलीच ओळ तपासतो. पुढच्या वर्षाच्या सुट्ट्या यादीच्या शेवटी जोडल्या असतील तर पट्टाही तेवढा वाढवावा. तारखा शीटमध्ये आहेत पण सूत्राच्या पट्ट्यात नाहीत, ही तीच चूक फक्त वेगळ्या कपड्यांत आहे. शक्य असेल तर शेजारच्या रकान्यात एक साधी तुलना ठेवावी, की यादीतील सर्वांत मोठी तारीख मोजणीच्या अंतिम तारखेपेक्षा लहान असेल तर तेथे ठळक शब्दांत "यादी अपुरी" असे यावे.

संगणकाच्या भाषेत लिहिणाऱ्यांनी वारांचे आकडे पाहून घ्यावेत, कारण पायथनच्या वीकडेमध्ये सोमवार शून्य असतो आणि जावास्क्रिप्टच्या गेटडेमध्ये रविवार शून्य असतो. दोन वेळांतील फरकाला चोवीस तासांनी भागून दिवस काढू नयेत. घड्याळ पुढे-मागे करणाऱ्या प्रदेशांत वर्षातून एक दिवस तेवीस तासांचा आणि एक पंचवीस तासांचा असतो. ०३/०४/२०२४ ही तारीख ३ एप्रिल की ४ मार्च, हे विचारून घ्यावे.

उत्तर आले की एखादा छोटा पट्टा कॅलेंडरवर बोट ठेवून मोजावा, आणि तो वर्षाअखेरचाच निवडावा. उत्तराखाली कोणाची यादी, ती कोणत्या तारखेपर्यंतची आणि कोणती टोके धरली, एवढे लिहावे. शीट पुढे पाठवताना यादीचे पान लपवून ठेवू नये.